कापलेलं वाक्य: तालुक्याच्या गावातल्या एका रेडिओ केंद्राचं प्रकरण

पार्श्वभूमी

मराठवाड्यातलं एक तालुक्याचं गाव. नाव देत नाही, कारण या प्रकरणातली बहुतेक माणसं आजही तिथेच राहतात. मी या केंद्रात पहिल्या दिवसापासून आहे, आधी निवेदक म्हणून आणि पुढे कार्यक्रम समन्वयक म्हणून. जे लिहिते आहे ते चुकांसकट लिहिते आहे. नव्याने केंद्र काढणाऱ्यांना यशाच्या गोष्टी भरपूर ऐकायला मिळतात, निर्णय नेमके कुठे फसले ते फारसं कुणी सांगत नाही.

लहान गावाचा स्वतःचा रेडिओ ही आपल्याकडे तशी अलीकडची गोष्ट. १९९५ साली सर्वोच्च न्यायालयाने रेडिओ लहरी ही सार्वजनिक मालमत्ता असल्याचं सांगितलं. त्यानंतर २००२ च्या अखेरीस शिक्षणसंस्थांना सामुदायिक रेडिओची परवानगी मिळाली आणि १ फेब्रुवारी २००४ रोजी चेन्नईच्या अण्णा विद्यापीठाचं केंद्र सुरू झालं. स्वयंसेवी संस्थांसाठी दार उघडलं ते नोव्हेंबर २००६ मध्ये. आमची संस्था तेव्हा बचत गटांचं आणि पाणलोटाचं काम करत होती. किमान तीन वर्षं त्या भागात काम केलेलं असावं, ही अट आम्ही सहज पूर्ण करत होतो. अर्जासोबत अडीच हजार रुपये भरले आणि वाट बघायला लागलो. माहिती व प्रसारण मंत्रालय, मग दूरसंचार खात्याची वारंवारता आणि जागेबद्दलची मंजुरी, मग पंचवीस हजारांची बँक हमी आणि परवानगी करार, शेवटी केंद्र चालवायचा परवाना. दिल्लीहून पत्र आलं की कार्यालयात पेढे वाटायचे, आणि ते पत्र आणखी एक कागद मागणारं निघायचं.

त्या वाट बघण्याच्या काळात आम्ही पाच जणी उदगीर-बिदरमार्गे जहीराबादजवळच्या माचनूरला जाऊन आलो. तिथे १५ ऑक्टोबर २००८ पासून संघम रेडिओ सुरू होता, स्वयंसेवी संस्थेने चालवलेलं देशातलं पहिलं सामुदायिक केंद्र. शेतमजुरी करणाऱ्या दलित बाया मिक्सरपुढे बसून कार्यक्रम करताना पाहिल्या. परतताना गाडीत कुणी फारसं बोललं नाही. आमच्यातली सगळ्यात शांत बाई बिदर ओलांडल्यावर एवढंच म्हणाली, "आपल्याला पण जमतंय की हे."

जमलं. जुन्या गोदामाच्या खोलीत भिंतींना गोधड्या आणि तागाची पोती ठोकून स्टुडिओ उभा राहिला. दुपारी पत्रा तापला की त्याचा कडकड आवाज ध्वनिमुद्रणात यायचा, म्हणून मुलाखती सकाळी दहाच्या आत उरकायच्या. प्रक्षेपण सकाळी दोन तास आणि संध्याकाळी दोन तास. करारानुसार निम्मे कार्यक्रम तरी स्थानिक लोकांच्या सहभागातून व्हायला हवेत. आमच्याकडे त्याहून कितीतरी जास्त होत होते, कारण विकत आणलेले कार्यक्रम लावायला पैसेच नव्हते.

पहिला निर्णय: मनोरा कुठे

हा भाग थोडक्यात सांगते, पण पुढच्या सगळ्या गोष्टींचं मूळ यात आहे. सामुदायिक केंद्राला शंभर वॉट प्रभावी प्रक्षेपण शक्ती आणि तीस मीटरपर्यंतचा मनोरा एवढीच मुभा असते. एफएमची लहर साधारण नजर जाईल तशी सरळ जाते, डोंगर आडवा आला की तिथेच अडते. आमच्यापुढे दोन जागा होत्या: संस्थेचं आवार, किंवा गावाच्या उत्तरेचा माळ. माळ उंच होता, पण तिथे वीज आणायचा खर्च होता आणि राखण करायला कोणी नव्हतं. आवारात सगळं हाताशी होतं.

आम्ही आवार निवडलं. टेकडीपलीकडची दोन गावं आणि एक तांडा आवाजाबाहेर राहिला. बचत गटाच्या सगळ्यात जुन्या सभासद त्याच दोन गावांतल्या होत्या. त्यांना आम्ही काही विचारलं नव्हतं. पहिल्या महिन्यात त्यातली एक जण कार्यालयात येऊन म्हणाली, "आमच्या वर्गणीतून झालंय ना हे? मग आमच्याकडं का लागत नाही?" मनोरा हलवायचा तर जागेची मंजुरी नव्याने घ्यावी लागते. त्यामुळे तो आजही तिथेच आहे. त्या गावांसाठी आम्ही पेन ड्राइव्हवर कार्यक्रम नेऊन मंदिरातल्या कर्ण्यावर ऐकवतो. या क्षेत्रात त्याला ध्वनिफीत-सभा म्हणा की आणखी काही, बायका त्याला 'रेडिओ आला' असंच म्हणतात.

पैसा

सुरुवातीचा प्रकल्प निधी संपला आणि पगारांचा प्रश्न आला, तो आजतागायत पुरता सुटलेला नाही. २०१२ साली तर वारंवारतेचं वार्षिक शुल्क १९,७०० रुपयांवरून एकदम ९१,००० वर नेलं गेलं. देशभरातल्या केंद्रांनी विरोध केला आणि ती वाढ मागे घेतली गेली. पण ते काही आठवडे आम्ही केंद्र बंद करायच्या तयारीत काढले. तासाला पाच मिनिटं जाहिराती लावता यायच्या. आमच्या तालुक्यात ती पाच मिनिटं भरायलासुद्धा कृषी सेवा केंद्रं, शिकवण्या आणि लग्नसराईतलं कापड दुकान एवढेच ग्राहक होते. २०२३ मध्ये जाहिरातींचा वेळ तासाला बारा मिनिटांवर गेला आणि सरकारी जाहिरातींचा दर दहा सेकंदांना ५२ वरून ७४ रुपये झाला. मदत झाली, वेळेवर पैसे आले की जास्त होते.

मुख्य पेच: टँकर

२०१३ चा उन्हाळा. त्याआधीचा पावसाळा कोरडा गेला होता आणि तालुक्यातल्या बहुतेक गावांना टँकर सुरू होते. आमचा एक साप्ताहिक कार्यक्रम होता, वस्तीवर जाऊन बायकांशी गप्पा मारण्याचा. विषय ठरलेला नसायचा. कधी लोणचं, कधी सुनेचं बाळंतपण. त्या आठवड्यात आमची निवेदिका एका वस्तीवर गेली तेव्हा कुणालाच दुसरं काही बोलायचं नव्हतं.

एक मावशी होत्या, साठीच्या पुढच्या. त्यांचं बोलणं मला अजून शब्दशः आठवतं, कारण ते मी हेडफोन लावून निदान दहा वेळा ऐकलं. "आठ दिस झाले, टँकर फिरकला नाही. पोरगी शाळा सोडून विहिरीवर बसायली. कवा येईल ते कुणी सांगत नाही, म्हणून बसून राहावं लागतंय." मागे घागरींचा आवाज होता, एकीवर एक ठेवल्याचा. आणि मग त्यांनी एक वाक्य म्हटलं, ज्यात टँकर कुठे रिकामा होतो आणि तो कुणाचा आहे, हे नावासकट होतं.

सामुदायिक केंद्राला तेव्हा बातम्या आणि चालू घडामोडींचे कार्यक्रम लावायला मनाई होती, राजकीय स्वरूपाचं काही लावायला तर होतीच. आता पाण्याबद्दल बाई बोलली ही बातमी का? संध्याकाळच्या प्रक्षेपणाला चार तास उरले होते आणि आम्ही सहा जण त्या गोदामाच्या खोलीत बसून यावर वाद घालत होतो. ज्यांच्यावर आरोप होता ते गावातलं वजनदार माणूस. संस्थेच्या अध्यक्षांना त्यांचा फोन येणार हे सगळ्यांना ठाऊक होतं. अशा वेळी तक्रार पाण्याची होत नाही, नियमभंगाची होते.

समोरचे पर्याय

पहिला, कार्यक्रम रद्द करून जुनी भजनं लावायची. खात्रीशीर आणि सगळ्यात सोपं. विरोध केला तो सगळ्यात तरुण असलेल्या आमच्या तंत्रज्ञ मुलाने. त्याचं म्हणणं, वस्तीवरच्या बायका आज रेडिओभोवती बसलेल्या असणार, आपण काय लावतो ते बघायला.

दुसरा, जसंच्या तसं लावायचं. माझं मन इकडे होतं. पण आरोपाला आमच्याकडे पुरावा नव्हता, दुसरी बाजू घ्यायला वेळ नव्हता, आणि परवाना गेला तर पुढच्या आठवड्यापासून कुणाचंच बोलणं लागणार नव्हतं.

तिसरा, मावशींचा आवाज काढून निवेदिकेने दोन ओळींत 'अमुक वस्तीवर पाण्याची अडचण आहे' असं सांगायचं. हा पर्याय आम्ही फार लवकर बाजूला टाकला, याचं समाधान आहे. असं निवेदन कुणीही करू शकतं. घागरींच्या आवाजामागून आलेलं ते बोलणं त्यात उरत नाही.

चौथा पर्याय आमच्या कार्यक्रम समितीतल्या एका निवृत्त तलाठ्यांनी सुचवला. पाणीपुरवठा, वीज, हवामान, आपत्ती यांबद्दल प्रशासनाने दिलेली माहिती सांगायला केंद्राला हरकत नसते. मग टँकरच्या खेपांचं वेळापत्रकच प्रशासनाकडून मागायचं आणि रोज संध्याकाळी वाचायचं. "बायकांना भांडण नको आहे, वेळ हवी आहे," ते म्हणाले. मावशींच्या बोलण्यातला हा गाभा आम्हा सहा जणांपैकी एकानेही पकडला नव्हता. आम्ही त्या नावापाशीच अडकलो होतो.

काय केलं

त्या संध्याकाळी कार्यक्रम लागला. मावशींचं बोलणं लागलं, पोरगी विहिरीवर बसायली हे लागलं, घागरी लागल्या. नाव घेतलेलं वाक्य मी स्वतः कापलं. साताठ सेकंदांचं असेल. इतकं सफाईने कापलं की ऐकणाऱ्याला पत्ता लागू नये, आणि तेव्हा मला त्या सफाईचं बरंही वाटलं होतं.

दुसऱ्या दिवशी तो कार्यक्रम घेऊन आम्ही तहसील कार्यालयात गेलो. तिथे तो टेबलावर ऐकवला. आधी नाराजी झाली, मग बराच वेळ शांतता, आणि मग पाणीटंचाईचं काम बघणाऱ्या अव्वल कारकुनांनी कपाटातून खेपांची नोंदवही काढली. वेळापत्रक त्यांच्याकडे होतंच. ते वस्तीपर्यंत पोचवायची काही सोयच नव्हती. चार दिवसांनी आमच्या संध्याकाळच्या प्रक्षेपणात 'उद्याचं पाणी' सुरू झालं: कोणतं गाव, कोणती वस्ती, किती खेपा, अंदाजे किती वाजता. पाच मिनिटांचा कार्यक्रम, संगीत नाही, दोनदा सावकाश वाचायचा.

परिणाम

टँकर लगेच वेळेवर धावायला लागले असं झालं नाही. पण वेळ जाहीर झाली की उशीर दिसायला लागतो. सांगितलेल्या वेळेला पाणी आलं नाही की केंद्रात फोन यायचा, आम्ही तो तहसीलला कळवायचो, आणि संध्याकाळी बदललेली वेळ वाचायचो. बायका विहिरीवर दिवसभर बसेनात. निवेदिका महिनाभराने पुन्हा त्या वस्तीवर गेली तेव्हा ती पोरगी शाळेत गेलेली होती.

मावशी मात्र घुश्शात होत्या. त्यांनी पहिला प्रश्न विचारला तो पाण्याचा नव्हता. "माझं बोलणं कुणी कापलं?" निवेदिकेने सांगायचा प्रयत्न केला, नियम, परवाना, वगैरे. मावशींनी ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "मला विचारलं असतं तर मीच म्हटलं असतं की नाव राहू द्या. पण विचारायचं तर होतं."

वस्ती गावापासून चार किलोमीटरवर. चार तास आमच्या हातात होते. दुचाकीवर जाऊन यायला अर्धा तास लागला असता. सहा जणांनी चार तास एका बाईच्या वाक्याचा कीस काढला, आणि तिला विचारावं हे एकाच्याही मनात आलं नाही. ही गोष्ट मला टँकरपेक्षा जास्त लागली.

उशिरा उमगलेली चूक: तीन महिने

करारात एक अट आहे, प्रक्षेपित कार्यक्रम प्रक्षेपणाच्या तारखेपासून तीन महिने जपून ठेवायचे. हा किमान काळ आहे. आम्ही तो कमाल धरून चाललो. कारण साधं होतं: आमच्याकडे पाचशे जीबीची एक हार्ड डिस्क होती. न दाबलेल्या, म्हणजे फाइल लहान न केलेल्या, स्वरूपातला तासाभराचा आवाज साधारण सहाशे एमबी जागा घेतो. रोजचे चार तास धरले तर तीन महिन्यांत दोनशे जीबीच्या वर जातात, शिवाय कच्ची ध्वनिमुद्रणं वेगळी. त्यामुळे दर तिमाहीला जुनं पुसायचं, हा शिरस्ता पडला. तो कुणी ठरवला हे आज सांगता येत नाही, आणि ठरवला गेलाच नव्हता हीच खरी अडचण. एमपीथ्रीमध्ये तोच तास साठ एमबीच्या आत बसतो, हे तंत्रज्ञ मुलाला माहीत होतं. त्याला कुणी विचारलं नाही.

काही वर्षांनी एक माणूस आला. पहिल्या वर्षी आम्ही त्याच्या आईच्या जात्यावरच्या ओव्या मुद्रित केल्या होत्या. ती वारली होती, वर्षश्राद्धाला त्या ओव्या लावायच्या होत्या. त्याने खिशातून पेन ड्राइव्ह काढून टेबलावर ठेवला. आम्ही तीन संगणक उघडून पाहिले, मला उत्तर माहीत असूनही मी पाहिलं. काही नव्हतं. तो काही बोलला नाही. पेन ड्राइव्ह परत खिशात ठेवला आणि "बरं, येतो ताई," म्हणून गेला.

पंधरा दिवसांनी तोच माणूस परत आला. त्याच्या मामीच्या साध्या बटणाच्या फोनमध्ये, मेमरी कार्डावर, आमचा तो कार्यक्रम होता. त्या फोनवर एफएम ऐकता ऐकता टेप करायची सोय असायची. ओवी ऐकू येत होती, आणि मधेच कुकरची शिट्टी, आणि कुणीतरी लेकराला हाक मारतंय. आमच्या स्टुडिओतल्या ध्वनिमुद्रणापेक्षा ते खरखरीत होतं. त्याने ते आम्हाला दिलं. देताना म्हणाला, "आता तुमच्याकडं पण असू द्या."

मग आम्ही रोज आवाहन करायला लागलो: आपल्या फोनमध्ये, कॅसेटवर आपल्या केंद्राचं जे काही असेल ते घेऊन या. आठवडी बाजाराच्या दिवशी केंद्राबाहेर टेबल मांडून कार्डं उतरवून घेतली. लोकांनी आमच्यापेक्षा जास्त जपलं होतं. पोळ्याची गाणी, एका शाहिराचा पोवाडा, कापसावरच्या बोंडअळीबद्दल कृषी अधिकाऱ्यांची मुलाखत (ती एका शेतकऱ्याने कशासाठी ठेवली होती कोण जाणे, पण नीट ठेवली होती). नोंदी कशा ठेवाव्यात हे आम्ही जात्यावरच्या ओव्यांच्या मोठ्या संग्रहावरून शिकलो. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांच्या पुढाकाराने जमा झालेल्या त्या लाखाहून जास्त ओव्या 'परी' (पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया) या संस्थेच्या संकेतस्थळावर गाणाऱ्या बाईच्या नावागावासकट वाचायला मिळतात. आमच्याकडे पूर्वी फायलीचं नाव 'ओवी ३ अंतिम नवी' असं असायचं.

आज हेच करायचं झालं तर

मनोऱ्यासाठी जागा ठरवण्याआधी सगळ्या गावांतल्या बायकांना नकाशासमोर बसवेन. वीज आणि राखणीचा खर्च मोठा होता हे खरं, पण तो मिळवता आला असता. डोंगर हलवता येत नाही.

टँकरच्या बाबतीत आम्ही निवडलेला पर्याय मला आजही योग्य वाटतो. पुराव्याशिवाय नाव लावणं चूक ठरलं असतं. पद्धत चुकली. चार तासांतला अर्धा तास वस्तीवर जायला काढला असता तर वाक्य तेवढंच कापलं गेलं असतं, पण ते मावशींनी कापलं असतं. कार्यक्रम समितीत आता वस्त्यांवरच्या तीन बायका आहेत आणि वादाचा विषय निघाला की त्यांच्याशिवाय बैठक होत नाही. बैठक संध्याकाळी सातनंतर ठेवावी लागते, कारण त्याआधी त्या रानात असतात. पूर्वी दुपारी तीनला असायची आणि 'समाजातले प्रतिनिधी येत नाहीत' अशी नोंद व्हायची.

साठवणुकीसाठी दोन वेगळ्या डिस्क घेतल्या आहेत, एक केंद्रात आणि एक दुसऱ्या इमारतीत. पुसायचा निर्णय एकट्याने घ्यायचा नाही. खरं तर हा खर्च पहिल्याच वर्षी, मिक्सर घेतला तेव्हाच करायला हवा होता.

एक नवी अडचण समोर आहे. बऱ्याच नव्या फोनमध्ये एफएम मिळत नाही. केंद्र सरकारने २०२३ मध्ये फोन कंपन्यांना ती सोय सुरू ठेवायला सांगितलं, तरी आमच्या तरुण श्रोत्यांच्या हातात रेडिओ राहिलेला नाही. कार्यक्रम आता व्हॉट्सॲपवरही पाठवतो. तो पुढे जातो, पण कुणी तो टेप करून मेमरी कार्डावर ठेवत नाही, आणि पुन्हा कधी आमच्याकडून काही हरवलं तर बाजारात टेबल मांडून उपयोग होईल असं मला वाटत नाही.

मावशी तीन वर्षांपूर्वी गेल्या. लोकांच्या कार्डांवरून त्यांचा तो कार्यक्रम आमच्याकडे परत आला आहे, दोन जणींकडे होता. पोरगी विहिरीवर बसायली, घागरी, सगळं आहे. त्यांचं ते एक वाक्य मात्र हवेत गेलंच नव्हतं, त्यामुळे ते कुणाच्याच फोनमध्ये नाही. कच्चं ध्वनिमुद्रण आम्ही त्या तिमाहीत पुसलं. आमच्या नोंदवहीत आता शेवटचे तीन रकाने आहेत: काय कापलं, कुणी कापलं, बोलणाऱ्याला विचारलं का. मावशींच्या कार्यक्रमाची नोंद मी नंतर मागच्या तारखेने केली. तिसऱ्या रकान्यात 'नाही' लिहिलं आहे.